१९५८ साली लुईझियाना स्टेट विद्यापीठाने (एलएसयू) अमेरिकन फुटबॉलच्या एका मोसमात तीन संघ का खेळवले? आक्रमण आणि बचाव वेगळे ठेवायचे तर दोन पुरले नसते का?

नसते पुरले. कारण त्या वेळच्या बदली खेळाडूंच्या नियमात आहे.

आज अमेरिकन फुटबॉलमध्ये चेंडू हातातून गेला की अकराच्या अकरा खेळाडू बदलतात. ही मोकळीक पूर्वीही होती, पण १९५३ मध्ये काढून घेण्यात आली, कारण एवढे खेळाडू पोसणं लहान कॉलेजांना परवडत नव्हतं. पुढे नियम थोडा सैल झाला. १९५८ मध्ये खेळाडू बाहेर गेला तर त्याच क्वार्टरमध्ये (सामन्याच्या चार भागांपैकी एकात) एकदाच परत येऊ शकत होता. म्हणजे १५ मिनिटांच्या क्वार्टरमध्ये मैदानावर दोनच फेऱ्या.

आता फक्त दोन तुकड्या धरून हिशेब करा. आक्रमणवाले उतरले, चेंडू गेला, बचाववाले आले. पुन्हा आक्रमण, पुन्हा बचाव. दोघांच्याही दोन-दोन फेऱ्या संपल्या आणि क्वार्टर अजून शिल्लक! आता मैदानावर जे आहेत त्यांनाच दोन्ही कामं करावी लागणार, आणि बचावासाठी निवडलेल्या पोराला पास फेकता येत नाही. म्हणून बहुतेक प्रशिक्षक दोन्हीकडे खेळू शकणारे अकरा जण घेऊन त्यांनाच दामटत. चौथ्या क्वार्टरपर्यंत त्यांचे पाय भरून यायचे.

एलएसयूचा प्रशिक्षक पॉल डिट्झेलने यातून वाट काढली. त्याच्या ‘व्हाइट’ संघात दोन्हीकडे खेळणारे सर्वोत्तम अकरा होते. हाफबॅक (चेंडू घेऊन धावणारा) बिली कॅनन आणि क्वार्टरबॅक (आक्रमण चालवणारा, पास फेकणारा) वॉरेन रॅब त्यातलेच. क्वार्टरचा साधारण अर्धा वेळ ते खेळत. उरलेला वेळ दोन तुकड्यांत वाटलेला: चेंडू आपल्याकडे असेल तर ‘गो’ संघ, नसेल तर ‘चायनीज बँडिट्स’. ‘गो’ हे ‘गोल्ड’चं लहान रूप. बँडिट्सचं नाव वर्तमानपत्रातल्या एका चित्रमालिकेवरून आलं. आज कुणी असं नाव ठेवणार नाही.

माझ्या मते खरी करामत बँडिट्सची. त्यांच्याकडे व्हाइटवाल्यांचं कौशल्य नव्हतं, पण त्यांना एकच काम शिकायचं होतं: धावत जाऊन चेंडूवाल्याला पाडायचं. थोडाच वेळ खेळायचं असल्याने दम राखून ठेवायची गरज नव्हती. ते मैदानात येताना प्रेक्षक उठून ओरडत, आणि बाकावर बसलेल्या व्हाइटवाल्यांना श्वास घ्यायला वेळ मिळे.

आदल्या वर्षी ५ विजय, ५ पराभव असलेला हा संघ त्या मोसमात एकदाही हरला नाही. म्हणून सगळे सामने सोपे होते असं समजू नका. फ्लोरिडाविरुद्ध १०-७, मिसिसिपी स्टेटविरुद्ध तर ७-६. दुसरीकडे ड्यूकला ५०-१८ आणि शेवटी टुलेनला ६२-०. ओल मिसला (मिसिसिपी विद्यापीठाला) १४-० ने हरवलं, त्यातला दुसरा टचडाऊन (चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपलीकडे नेणं) चौथ्या क्वार्टरमध्ये ‘गो’ संघाचा क्वार्टरबॅक ड्युरेल मॅथर्नने केला. जिथे इतरांचा दम उखडायचा, तिथे यांच्याकडे ताजे पाय होते.

राखीव बळ किती कामाचं, हे १ जानेवारी १९५९ च्या शुगर बोलमध्ये, म्हणजे मोसमानंतरच्या एका खास ‘बोल’ सामन्यात, दिसलं. (राष्ट्रीय विजेतेपद तेव्हा बोल सामन्यांच्या आधीच मतदानाने ठरत असे, आणि ते एलएसयूला मिळालं होतं.) क्लेमसनविरुद्धच्या या सामन्यात रॅबचा हात मोडला, तरी मॅथर्न तयार होता. तिसऱ्या क्वार्टरमध्ये क्लेमसन पंट करायला (चेंडू लाथेने दूर टोलवायला) उभा राहिला, स्नॅप (किक मारणाऱ्याकडे मागे फेकलेला चेंडू) फसला आणि चेंडू एलएसयूला क्लेमसनच्या गोलरेषेपासून ११ यार्डांवर मिळाला. कॅनन उजवीकडे धावला. बचाववाले त्याला पाडायला पुढे सरसावले, तसा त्याने सहकारी मिकी मँगमला ९ यार्डांचा पास फेकला. टचडाऊन. टचडाऊननंतरच्या जादा गुणाची किकही कॅननचीच. ७-० हाच शेवटचा गुणफलक, मोसमाचा हिशेब ११-०.