नवरा निम्मी कामं करतो, तरी सगळा भार माझ्यावरच का वाटतो?

दोघांची पूर्णवेळ नोकरी, घरकाम निम्मं-निम्मं, तरी दमणूक तुमचीच, असं तुम्ही लिहिलंय. वाटणी बहुधा कामं मोजून झालीये. जबाबदारी मोजली तर चित्र वेगळं दिसेल.

मुलाच्या लसीचं उदाहरण घ्या. तारीख जवळ आलीय हे आठवणं, डॉक्टरांची वेळ घेणं, कार्ड शोधून ठेवणं, रात्री ताप आला तर दुसऱ्या दिवशी रजा कोणी टाकायची ते ठरवणं. नवरा मुलाला दवाखान्यात नेऊन आणतो आणि हिशेबात लस त्याच्या नावावर लागते.

आठवडाभर दोघांनी नोंद ठेवा. केलेलं काम लिहाच, पण नुसतं आठवलं, कुणाला सांगितलं, तेही लिहा. मीटिंगमध्ये बसल्या बसल्या आठवलेलंसुद्धा. अंदाजावर वाद घालू नका, आपला वाटा दोघांनाही जास्तच वाटतो.

मग बघा, वेळेला बांधलेली कामं कोणाकडे आहेत. स्वयंपाक, मुलांना आणणं ही टळत नाहीत. बिलं, दुरुस्ती रविवारवर ढकलता येतात. तास सारखे भरले तरी उशिराची मीटिंग आणि दौरा सोडावा लागतो तो पहिल्या प्रकारची कामं करणाऱ्याला. 2023चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालेल्या क्लॉडिया गोल्डिन यांनी हेच मांडलंय: वेळीअवेळी हजर राहणाऱ्याला काही नोकऱ्या जास्त पैसे मोजतात, आणि मुलं झाल्यावर त्यातून बाहेर पडते ती बहुतेकदा बाई. म्हणून माझ्या मते भांडायचंच तर भांडी कोण घासतो यावरून नको, संध्याकाळी सहाला घरी कोण असतं यावरून भांडा.

वेळेला बांधलेली अशी दोन-तीन कामं अख्खी नवऱ्याकडे द्या, आठवण ठेवण्यासकट. काम 'झालं' कधी म्हणायचं ते आधीच ठरवा, म्हणजे नंतर खोड काढायला जागा उरत नाही. शाळेत पहिला फोन नंबर त्याचा लावा. हे राहून गेलं तर मूल आजारी पडल्यावर फोन तुम्हालाच येणार.

महिनाभर आठवण करून देऊ नका. गाडं अडतं ते इथेच. दुसऱ्या आठवड्यात काहीतरी राहतं, तुम्ही ते पटकन उरकून टाकता आणि काम गुपचूप तुमच्याकडे परत येतं. चित्रकलेची वही घरी राहिली तर राहू द्या. औषधाच्या वेळा मात्र या प्रयोगात घेऊ नका, त्यांचा गजर दोघांच्याही फोनवर असू द्या.