जपानी घरातील रात्रीचे स्नान

प्रश्न : माझी मुलगी शिक्षणासाठी नागोयाला गेली असून तेथे एका जपानी कुटुंबात राहते. त्या घरात रात्री सर्वजण पाळीपाळीने एकाच टबातील पाण्यात उतरतात, असे ती सांगते. हे स्वच्छ कसे म्हणायचे? शिवाय घरात बोलणेही बेताचेच असते. मग माणसांत जिव्हाळा असतो तरी कसा? — एक वाचक, सातारा

उत्तर : आपल्या दोन्ही शंकांचे उत्तर बऱ्याच अंशी त्या न्हाणीघरातच आहे. जपानी घरात टब अंग धुण्यासाठी नसतोच. टबाबाहेर बुटक्या स्टुलावर बसून, साबण लावून अंग स्वच्छ धुवायचे, फेसाचा थेंबही अंगावर राहिला नाही हे पाहायचे आणि मगच साधारण ४० ते ४२ अंश सेल्सिअस तापमानाच्या पाण्यात गळ्यापर्यंत बसायचे, अशी रीत आहे. त्यामुळे एकदा भरलेले पाणी साऱ्या घराला पुरते आणि पुष्कळ घरांत उरलेले पाणी लहानशा पंपाने धुलाई यंत्रातही घेतले जाते. पाण्यावर एखादा केस तरंगत असेल तर तो काढून, टबावर झाकण सरकवूनच माणूस बाहेर येतो. मागून येणाऱ्याला पाणी गरम मिळावे, हा त्यामागचा विचार. आपण ज्याला अबोलपणा म्हणता, त्यातला जिव्हाळा मला या झाकणात दिसतो.

बोलणे तेथे अजिबात होत नाही, असेही नाही. लहान मुले आईबरोबर किंवा वडिलांबरोबर टबात बसतात, शाळेतल्या गोष्टी सांगतात आणि बाहेर येण्यापूर्वी मोठ्याने आकडे मोजतात. कामावरून उशिरा परतणाऱ्या वडिलांना मुलांचा निवांत सहवास मिळतो तो अनेकदा एवढाच. ५ मे रोजी, बालदिनी, टबात वेखंडाच्या जातीची लांब, सुगंधी पाने सोडतात, तर डिसेंबरमधील सर्वांत लहान दिवशी युझू नावाची लिंबाच्या कुळातील पिवळी फळे. अर्थात केवळ शॉवर घेणारी घरेही आहेत.

पूर्वी पहिला मान घरातील कर्त्या पुरुषाचा असे. आता घरोघरी सोयीप्रमाणे क्रम ठरतो, मात्र पाहुण्याला आजही बहुधा आधी पाठवतात. आपल्या मुलीला तसा आग्रह झाला तर तिने संकोच करू नये. केस वर बांधून पाण्यात उतरावे आणि बाहेर येताना टबाचे बूच काढू नये, कारण तिच्यामागून घरातील इतरांना त्याच पाण्यात बसायचे असते.