परवाना आहे, तरी गाड्या अडवल्या जातात

प्रश्न : पुणे जिल्ह्यात माझी दगडखाण आणि खडी क्रशर आहे. खाणपट्टा व प्रदूषण नियंत्रण मंडळाचे संमतीपत्र चालू मुदतीत असून स्वामित्वधनही भरलेले आहे. तरीही काही जण फाट्यावर ट्रॅक्टर आडवा लावून डंपर रोखतात आणि ‘गाडीमागे आमचं बघा’ असे चालकांना धमकावतात. ग्रामसभेने खाण बंद करण्याचा ठरावही केला आहे. पोलीस ठाण्यात मात्र ‘ही दिवाणी बाब आहे, कोर्टात जा’ एवढेच उत्तर मिळाले. मला पोलीस संरक्षण मागता येईल का?

उत्तर : मागता येईल, मात्र गाड्या ज्या रस्त्याने जातात तो कोणाचा, हे आधी पाहा. गाव नकाशात तो सार्वजनिक असेल, तर तो अडवणे ही दिवाणी बाब उरत नाही. तो कोणाच्या खासगी जमिनीच्या गटातून जात असेल आणि वहिवाटीचा हक्कच वादात असेल, तर पोलीस तो हक्क ठरवू शकत नाहीत; तेथे दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम आणावा लागेल. पी. आर. मुरलीधरन यांच्या 2006 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले, की वादग्रस्त हक्क ठरवून घेण्यासाठी पोलीस संरक्षणाच्या रिट याचिकेची (राज्यघटनेखाली थेट वरिष्ठ न्यायालयात केलेल्या अर्जाची) आडवाट वापरता येणार नाही. (तहसीलदारांकडे जाण्याचा सल्ला तुम्हाला कोणीतरी देईलच, पण मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 मधील रस्त्याची तरतूद शेतीच्या वाटांसाठी आहे, खाणीच्या डंपरांसाठी नाही.)

रस्ता सार्वजनिक असल्यास भारतीय न्याय संहितेचे कलम 126, म्हणजे गैरपणे अडवणूक, लागू होते आणि तो गुन्हा दखलपात्र आहे, म्हणजे न्यायालयाच्या आदेशाची वाट न पाहता पोलिसांना तपास करता येतो. पैशांची मागणी हा त्याहून गंभीर भाग आहे. तुम्ही एक रुपयाही दिलेला नसला, तरी खंडणीसाठी इजेची भीती घालणे हाच कलम 308 खाली वेगळा गुन्हा ठरतो. म्हणून ‘गावकरी त्रास देतात’ असा मोघम अर्ज करू नका. कोणत्या तारखेला, किती वाजता, कोणत्या क्रमांकाचा डंपर, कोणी, काय बोलून अडवला, हे चालकाच्या जबाबासह लिहा, त्या दिवसाचा वाहतूक पास जोडा आणि अर्जाची शिक्क्यासह पोच घ्या. दखलपात्र गुन्हा उघड होत असेल तर तो नोंदवणे बंधनकारक आहे, असे ललिता कुमारी प्रकरणात 2013 मध्ये ठरलेले आहे. काही प्रकरणांत आधी प्राथमिक चौकशी होऊ शकते, इतकेच. ठाण्यात दाद लागली नाही, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी कार्यपद्धतीच्या कायद्याच्या) कलम 173(4) प्रमाणे पोलीस अधीक्षकांना लेखी कळवावे आणि त्यानंतरही काही न झाल्यास प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा. ही कागदपत्रे हाती असतील, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात संरक्षणाची मागणी करताना तुमची बाजू भक्कम राहील.

ग्रामसभेच्या ठरावाने जिल्हाधिकाऱ्यांनी दिलेला पट्टा आपोआप रद्द होत नाही. तुमचे गाव अनुसूचित क्षेत्रात, म्हणजे राज्यघटनेखाली घोषित आदिवासी भागात, असेल तर गोष्ट वेगळी. तेथे 1996 च्या पेसा कायद्यानुसार (अनुसूचित क्षेत्रातील पंचायतींविषयीचा कायदा) दगड-खडीसारख्या गौण खनिजाचा पट्टा देण्यापूर्वीच ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरील पंचायतीची शिफारस लागते, आणि ती घेतलेली नसल्यास पट्टाच अडचणीत येईल. शिवाय ठराव करणारे आणि ट्रॅक्टर आडवा लावणारे एकच आहेत, असे तुम्ही गृहीत धरलेले दिसते, ते मला पटत नाही. धूळ, सुरुंगाने तडकलेल्या भिंती आणि रात्रीची वाहतूक यांबद्दल गावाला तक्रार करण्याचा व शांततेने निदर्शने करण्याचा अधिकार आहे. अशा तक्रारदारांची नावेही खंडणीच्या अर्जात घुसडली, तर अर्जाचीच विश्वासार्हता जाईल. संमतीपत्रातील पाणी फवारणीच्या आणि वेळेच्या अटी पाळल्या जात आहेत ना, हेही अर्जाआधी तपासा. विरुद्ध बाजूचा वकील सुरुवात तेथूनच करील.

खर्चाविषयी थोडे. गुन्हा रोखणे हे पोलिसांचे कर्तव्यच असल्याने त्यासाठी शुल्क द्यावे लागत नाही. खाणीवर जादा पोलीस नेमून हवे असतील, तर महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम 47 खाली तसा अर्ज करता येतो, मात्र त्यांचा खर्च अर्जदाराला सोसावा लागतो.