वाचकांचे प्रश्न : सातव्या भागातला अखेरचा निरोप

प्रश्न : 'फास्ट अँड फ्युरियस' मालिकेतला सातवा भाग नुकताच पाहिला. चित्रीकरण पूर्ण होण्याआधीच पॉल वॉकर यांचे निधन झाले होते, असे नंतर समजले. मग शेवटी पांढऱ्या गाडीत दिसतात ते कोण? आणि विमानातून गाड्या सोडण्याचे दृश्य संगणकावरच रचलेले आहे का?

उत्तर : वॉकर यांचे निधन ३० नोव्हेंबर २०१३ रोजी कॅलिफोर्नियात मोटार अपघातात झाले. त्या वेळी चित्रीकरणाला सुट्टी होती आणि गाडी दुसरी व्यक्ती चालवत होती. चित्रपट अर्धा झालेला असल्याने काम थांबवावे लागले, पटकथेत फेरफार झाले आणि जुलै २०१४ मध्ये यायचा चित्रपट एप्रिल २०१५ मध्ये पडद्यावर आला. त्यांच्या ब्रायन या पात्राला कथेत मारून टाकणे सर्वांत सोपे होते. परंतु तसे न करता त्याला बायकामुलांत रमण्यासाठी या धावपळीतून निवृत्त करण्याचा निर्णय झाला, आणि माझ्या मते हा चित्रपट तरला तो याच निर्णयामुळे.

उरलेल्या प्रसंगांसाठी त्यांचे धाकटे भाऊ केलेब आणि कोडी कॅमेऱ्यासमोर उभे राहिले. जॉन ब्रदरटन या अभिनेत्यानेही काही ठिकाणी त्यांची जागा घेतली. न्यूझीलंडच्या वेटा डिजिटल या संस्थेने या शरीरांवर वॉकर यांचा चेहरा बसवला, आणि त्यासाठी मालिकेतल्या जुन्या चित्रीकरणाचा आधार घेतला. अशी दृश्ये सुमारे ३५० आहेत. बारकाईने पाहिल्यास शेवटच्या प्रसंगात गालावरचा प्रकाश मला किंचित सपाट वाटतो, पण त्याने काही बिघडत नाही. ब्रायनचा जिवलग मित्र डॉमिनिक कोणाचा निरोप न घेता निघालेला असतो. तो रस्त्यात थांबतो, शेजारी ब्रायनची पांढरी सुप्रा गाडी येऊन उभी राहते, दोघे एकमेकांकडे पाहतात, मग दोन्ही गाड्या काही अंतर बरोबरीने धावतात आणि फाट्यावर त्यांचे रस्ते वेगळे होतात. ती सुप्रा वॉकर यांच्या स्वतःच्या संग्रहातली होती. ही गोष्ट कळल्यावर तो प्रसंग पुन्हा पाहावा. पहिल्यांदा ज्या गाडीकडे आपले लक्षही गेले नव्हते, तिच्यावरून मग नजर हटत नाही.

विमानाच्या बाबतीत मात्र आपला अंदाज चुकला आहे. ॲरिझोनाच्या आकाशात मालवाहू विमानाच्या मागच्या दारातून खऱ्याखुऱ्या गाड्या हवाई छत्र्या बांधून खाली सोडल्या गेल्या, आणि त्यांच्याबरोबर उड्या घेतलेल्या छत्रीधारकांनी शिरस्त्राणावरच्या कॅमेऱ्यांनी त्यांचे पडणे टिपले. गाड्यांत अर्थातच कोणी नव्हते. कलाकारांचे जवळचे चेहरे, तसेच गाड्या रस्त्यावर उतरण्याचा क्षण, हे सगळे वेगळे चित्रित करून नंतर जोडले. गाड्या उतरतात तो डोंगरातला घाट कथेत अझरबैजानमधला म्हणून दाखवला असला, तरी त्यातला बराचसा भाग अमेरिकेतल्या कोलोराडो राज्यात चित्रित झाला आहे. गाडी हवेत गिरकी घेते तेव्हा तिच्या वजनामुळे येणारा तो जडपणा मला आजही संगणकाने रचलेल्या प्रसंगांत क्वचितच जाणवतो. दिग्दर्शक जेम्स वान तोवर मुख्यतः भयपटांसाठी ओळखले जात, हे लक्षात घेतले तर त्यांचे कौतुक अधिकच वाटते.

प्रश्न : मालिका प्रदर्शनाच्या क्रमाने पाहावी की कथेच्या?

उत्तर : प्रदर्शनाच्याच क्रमाने. २००६ चा 'टोकियो ड्रिफ्ट' प्रदर्शनाच्या क्रमाने तिसरा असला तरी कथेत तो सहाव्या भागानंतर घडतो. तो आधी पाहिलेला असेल, तरच सहाव्या भागाच्या अगदी शेवटी हान या पात्राच्या 'टोकियो ड्रिफ्ट'मधल्या अपघातामागचे कारण उलगडते तेव्हा त्याचा खरा धक्का बसतो, आणि सातव्या भागातला सूडही तिथूनच सुरू होतो.