दोराच्या दोन्ही टोकांची पुस्तकं

एव्हरेस्टवरच्या जीवघेण्या वादळाची हकिगत सांगणारं जॉन क्राकौरचं ‘इन्टू थिन एअर’ संपवल्यापासून दुसरं काही वाचवत नाही, आता डोंगर-बर्फावरचं पुढं काय घेऊ, आणि चढाईचा अनुभव नसताना ही पुस्तकं कळतील का, असं तुम्ही विचारलंय. कळतील. उत्तर जरा लांबणार आहे, कारण या विषयात नुसती यादी देऊन भागत नाही. कशाला जोडून काय वाचायचं, हे जास्त महत्त्वाचं.

पहिलं म्हणजे दुसऱ्या शिखराकडं वळू नका. अजून एव्हरेस्टवरच थांबा आणि अनातोली बुक्रीवचं ‘द क्लाइम्ब’ घ्या. 10 मे 1996 च्या त्याच वादळाची ही दुसरी बाजू. क्राकौर एका गटात होता, बुक्रीव दुसऱ्या गटाचा गाइड. गाइड असून बुक्रीवनं पूरक ऑक्सिजन वापरला नाही आणि तो गिऱ्हाइकांच्या आधी खाली उतरला, हा क्राकौरचा आक्षेप तुम्ही वाचलाच आहे. बुक्रीव म्हणतो, खाली लवकर पोचलो म्हणूनच पुन्हा वर जायची ताकद अंगात राहिली. आणि त्या रात्री वादळात साउथ कोल या शिखराखालच्या खिंडीतल्या तंबूतून बाहेर पडून त्यानं तिघांना परत आणलं, हे क्राकौरही नाकारत नाही. दोन्ही पुस्तकं 1997 सालची. त्याच वर्षीच्या डिसेंबरात बुक्रीव अन्नपूर्णेवर हिमप्रपातात गेला, त्यामुळं वाद तिथंच अर्धवट राहिला. माझं मत विचाराल तर लेखक म्हणून क्राकौर कितीतरी सरस आहे, आणि नेमकं म्हणूनच बुक्रीव वाचायला हवा. चांगलं लिहिणाऱ्यावर आपण पटकन विश्वास टाकतो.

एव्हरेस्टच्या माथ्यावर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जेमतेम एक तृतीयांश असतो. तिथल्या आठवणीही त्याच विरळ हवेतल्या. आपल्या गटाचा गाइड अँडी हॅरिस तंबूंजवळ पोचला, हे क्राकौरला अगदी पक्कं वाटत होतं. दिसलेला माणूस दुसराच होता. हे त्यानं पुस्तकात मोकळेपणानं मांडलंय, हा त्याचा प्रामाणिकपणा. पण बाकीच्या शेकडो मोहिमांचं काय? वर गेलेले दोघं-तिघं, जिवंत परतलेले त्याहून कमी, आणि लिहिणारा बहुधा एकच. म्हणून माझी वाचायची पद्धत ठरून गेली आहे: एका दोराला बांधलेल्या दोघांचं लिखाण मिळत असेल, तर दोन्ही वाचायचं.

याचं सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे अन्नपूर्णा. 3 जून 1950 रोजी फ्रेंच मोहिमेतले मॉरिस एर्झोग आणि लुई लाशनाल माथ्यावर पोचले. आठ हजार मीटरवरचं माणसानं सर केलेलं हे पहिलं शिखर. एर्झोगचं ‘अन्नपूर्णा’ त्यानं इस्पितळात पडून तोंडी सांगून लिहून घेतलं, कारण हिमदंशानं हाताची बोटं गेली होती. ती का गेली, तो प्रसंग सावकाश वाचा. उतरताना पिशवीत काहीतरी शोधायला म्हणून तो हातमोजे काढून बर्फावर ठेवतो. मोजे उतारावरून घरंगळतात. तो नुसता बघत राहतो. पिशवीत जादा पायमोजे आहेत, ते हातात चढवता येतील, हे त्याला सुचतच नाही. उंचीवर डोकं कसं काम करतं, हे एवढ्या साध्या प्रसंगातून कळतं.

पण एर्झोगच्या पुस्तकात सगळे एकदिलानं, फ्रान्सच्या गौरवासाठी वर चाललेत. मोहिमेतल्या इतरांनी पाच वर्षं काही छापायचं नाही, असा करारच होता. लाशनाल 1955 मध्ये हिमनदीच्या भेगेत पडून वारला. त्याचं लिखाण पुढच्या वर्षी निघालं, तेही एर्झोगच्या भावाच्या हाताखालून, बरीच कात्री लागून. कात्री न लागलेला मजकूर यायला 1996 उजाडलं. त्यात वेगळाच माणूस दिसतो. पाय गोठायला लागलेत हे व्यवसायानं गाइड असलेल्या या माणसाला स्पष्ट कळत होतं. मी परतलो तर तू काय करशील, असं त्यानं एर्झोगला विचारलं. एकटा जाईन, असं उत्तर आलं. एकटा गेला तर हा परत येणार नाही, एवढ्या एका कारणानं लाशनाल पुढं चालत राहिला आणि दोन्ही पायांची सगळी बोटं गमावून बसला. देशाचा गौरव वगैरे त्याच्या डोक्यात नव्हतंच. जोडीला लिओनेल तेरेचं आत्मचरित्रही घ्या. त्या मोहिमेतला लिहिता हात त्याचा सर्वांत मोकळा.

तेनसिंगचं असंच. 1953 च्या मोहिमेच्या अधिकृत पुस्तकात शिखराचा टप्पा हिलरीनं लिहिलाय, आणि माथ्याखालच्या खडकाळ टप्प्यावरून वर आलेल्या तेनसिंगला त्यानं पाण्याबाहेर ओढलेल्या मोठ्या माशाची उपमा दिली आहे. तेनसिंगला लिहिता येत नव्हतं. 1955 मध्ये त्यानं आत्मचरित्र सांगून लिहवून घेतलं आणि या वर्णनावर स्वच्छ नाराजी नोंदवली. त्याच पुस्तकात माथ्यावर पहिलं पाऊल हिलरीचं पडलं, हेही त्यानं स्वतःच सांगून टाकलंय. मला हे पुस्तक अधिकृत इतिहासापेक्षा जवळचं वाटतं.

दोन्ही टोकं एकाच पुस्तकात हवी असतील तर जो सिम्प्सनचं ‘टचिंग द व्हॉइड’, 1988. पेरूतलं सिउला ग्रांदे, उतरताना सिम्प्सनचा पाय मोडतो. सायमन येट्स दोन दोर गाठीनं जोडून त्याला टप्प्याटप्प्यानं खाली सोडत राहतो. मधली गाठ दोर सोडायच्या पट्टीतून पार होत नाही, म्हणून दर वेळी सिम्प्सननं धडधाकट पायावर उभं राहून दोर सैल द्यायचा. अंधारात सिम्प्सन एका कड्यावरून अधांतरी लोंबकळतो. आता सैल देणं शक्य नाही, गाठ अडकलेली, आणि वर येट्सच्या बुडाखालचं बर्फ ढासळतंय. शेवटी येट्स दोर कापतो. सिम्प्सननं मधूनमधून येट्सच्या तोंडून, वेगळ्या वळणाच्या अक्षरात, त्याची बाजू लिहिली आहे. दोर कापणाऱ्यावर झालेली टीका त्याला मान्य नव्हती, आणि पुस्तक लिहिण्यामागं तेही एक कारण होतं.

आता कळण्याबद्दल. तांत्रिक शब्दांना घाबरू नका, पण हिमनदीबद्दल एक गोष्ट माहीत असलेली बरी. खोलवरचा बर्फ वरच्या वजनानं हळूहळू वाहतो. वरचा थर मात्र ठिसूळ, तो वाकत नाही, तडकतो. ते तडे म्हणजे क्रेव्हास. त्यांच्यावर ताजं हिम साचून पूल बनतात आणि भेग दिसेनाशी होते. सपाट, निरुपद्रवी दिसणाऱ्या मैदानावर ही मंडळी एकमेकांना बांधून का चालतात, ते यावरून कळेल. हिमप्रपाताचंही तसंच: हिमाचा थरच्या थर सुटून होणारे प्रपात बहुतेक 30 ते 45 अंशांच्या उतारांवर होतात, कारण त्याहून सरळ उतारावर हिम फारसं साचतच नाही. शंका आली की चाळायला ‘फ्रीडम ऑफ द हिल्स’ हे पाठ्यपुस्तक ठेवा. सलग वाचायच्या भानगडीत पडू नका.

स्वित्झर्लंडमधल्या आयगर शिखराच्या उत्तर भिंतीवरचं हाइनरिश हाररचं ‘द व्हाइट स्पायडर’ वाचाच. 1938 च्या चढाईत हाररकडं क्रॅम्पॉन, म्हणजे बुटांना बांधायचे धातूचे दाते, नव्हते. तो आणि कास्परेक बर्फात पायऱ्या खोदत वर गेले, आणि मागून हेकमायर व फ्योर्ग पुढं दाते असलेल्या क्रॅम्पॉनवर त्याच पायऱ्यांनी भराभर येऊन त्यांना गाठतात. एक जमाना दुसऱ्याला ओलांडतोय हे हाररला तिथंच कळतं. फक्त एवढं लक्षात असू द्या की आपण नाझींच्या एसएस या संघटनेत होतो, हे त्यानं वाचकांना सांगितलं नाही. ते 1997 मध्ये इतरांनी उघडकीला आणलं.

थंडीसाठी डोंगर सोडून अंटार्क्टिकात जावं लागेल. चेरी-गॅरर्डचं ‘द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड’, 1922. पेंग्विनची अंडी आणायला तिघं ध्रुवीय हिवाळ्याच्या अंधारात निघतात, पारा उणे 60 सेल्सिअसपर्यंत उतरतो. तंबूबाहेर येऊन चेरी मान वर करून बघतो, तेवढ्यात कपडे गोठतात आणि पुढचे चार तास त्याला तशाच अवस्थेत स्लेज ओढावी लागते. पुस्तक जाडजूड आहे. वेळ नसेल तर या हिवाळी प्रवासाचं प्रकरण तेवढं वाचा.

बोमनचं ‘द असेंट ऑफ रम डूडल’ मात्र इतक्यात उघडू नका. मोहिमांच्या पुस्तकांची ही थट्टा आहे, तीन-चार खरी पुस्तकं झाल्यावरच तिची गंमत येते. शिखराची उंची साडेचाळीस हजार नव्हे, चाळीस हजार फूट आणि वर अर्धा फूट. वाट शोधायचं काम ज्याच्याकडं तो सतत हरवलेला, डॉक्टर कायम आजारी, आणि सगळी हकिगत सांगणाऱ्या म्होरक्याला यातलं शेवटपर्यंत काही उमगत नाही.