मल्याळम सिनेमा केरळचा समाज नुसता दाखवतो, की बदलतोही?

आमच्या ऑफिसात डबा खाताना राजकारणावरून जुंपली की एक मल्याळी सहकारी हात वर करून म्हणतो, ‘पोलंडबद्दल एक अक्षर बोलायचं नाही!’ ‘संदेशम’ (१९९१) या सिनेमातलं वाक्य आहे हे. दोघे सख्खे भाऊ, एक डावा आणि दुसरा विरोधी पक्षाचा. जगायचं निवृत्त बापाच्या जिवावर आणि भांडायचं पोलंडवरून. केरळात घरचं सोडून जगाच्या उठाठेवी करणाऱ्याला आजही हेच ऐकवतात. म्हणून मला हा सिनेमा आरशापेक्षा घरातल्या भांडणासारखा वाटतो. बोलणारं माणूस आपलंच असतं, त्यामुळे जास्त लागतं.

ऐकून घेणारा प्रेक्षकही तिथे तयार केला गेला. दिग्दर्शक अडूर गोपालकृष्णन पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून गेले आणि १९६५ मध्ये त्यांनी मित्रांसोबत चित्रलेखा फिल्म सोसायटी, म्हणजे चांगले सिनेमे एकत्र बसून बघणारं मंडळ, काढली. पुढे अशा सोसायट्या केरळभर पसरल्या.

‘द ग्रेट इंडियन किचन’ (२०२१) मी आईबरोबर पाहिला. सासऱ्यांना भात चुलीवरचाच हवा, कपडे मशीनमध्ये नकोत. आवाज मात्र कुणाचा चढत नाही, सगळं कसं गोड बोलून. पुरुष जेवून उठतात आणि शेवग्याच्या चघळलेल्या शेंगा टेबलावर तशाच पडलेल्या. त्या सुनेनं उचलायच्या. स्वयंपाकघरातलं सिंक गळतंय, नवरा प्लंबरला काही बोलवत नाही. आई एवढंच म्हणाली, ‘यात सिनेमा काय आहे?’

बदल घडतो का? क्वचित, पण घडतो. ‘स्थानार्थी श्रीकुट्टन’ (२०२४) मध्ये वर्गातली बाकं अर्धगोलात मांडलेली दिसतात, म्हणजे मागचं बाकच उरत नाही. ते पाहून केरळातल्या काही शाळांनी खरोखरच बाकं तशी मांडली.

पण फार भारावून जाऊ नका. पहिल्या मल्याळम सिनेमाची नायिका पी. के. रोझी दलित होती. तिनं नायर स्त्रीचं काम केलं म्हणून सवर्ण प्रेक्षकांनी राडा केला आणि तिला परागंदा व्हावं लागलं. चित्रपटसृष्टीतल्या बायकांच्या छळावरचा हेमा समितीचा अहवाल डिसेंबर २०१९ मध्ये सरकारला मिळाला. लोकांपुढे आला ऑगस्ट २०२४ मध्ये, तोही काही पानं गाळून. दुसऱ्यांचं स्वयंपाकघर दाखवणाऱ्यांचं स्वतःचं घर हे असं.

सुरुवात ‘संदेशम’पासून करा. सबटायटल्समध्ये निम्मी गंमत जाते, पण बापाचा चेहरा बघत राहिलात तरी पुरे.