मुलगा मालिकेत कॅमेरा चालवतो, आता डीओपी व्हायचं म्हणतो

प्रश्न : मी बेस्टमध्ये वाहक आहे, दोन वर्षांत निवृत्त होईन. परळला चाळीत राहतो. मुलगा 24 वर्षांचा. टी.वाय.बी.कॉम.चे दोन विषय राहिले, ते राहिलेच. चार वर्षं गोरेगावला मालिकांच्या सेटवर आहे; आधी असिस्टंट होता, आता दीड वर्ष ऑपरेटिव्ह कॅमेरामन. आता म्हणतो, डीओपी (डायरेक्टर ऑफ फोटोग्राफी, म्हणजे मुख्य छायालेखक) व्हायचंय, त्यासाठी स्वतःचा कॅमेरा हवा. माझ्या पीएफमधून आठ लाख मागतोय. वर्षं भरली की हे प्रमोशन मिळत नाही का? पैसे द्यावेत का?
– एक वडील, परळ

नमस्कार.

आधी पैशांचं बोलते. पीएफला हात लावू नका. मुंबईत मोठ्या शूटिंगला कॅमेरा भाड्याने येतो, सोबत त्याचा अटेंडंटही येतो. कुठला कॅमेरा घ्यायचा ते कामागणिक बदलतं आणि आज घेतलेला कॅमेरा काही वर्षांत मागे पडते. घरचा कॅमेरा असला की लहानसहान कामं येतात, हे खरं. पण ती कॅमेऱ्याला येतात, तुमच्या मुलाला नाही.

आता प्रमोशनचं. ऑपरेटरच्या पुढची पायरी म्हणजे डीओपी, असं लांबून दिसतं. प्रत्यक्षात कामच बदलतं. ऑपरेटर फ्रेम सांभाळतो. नट खुर्चीतून उठला की त्याच्याबरोबर उठायचं, डोक्यावरची जागा राखायची, ट्रॉली थांबली तरी पॅनला, म्हणजे कॅमेऱ्याच्या आडव्या फिरण्याला, धक्का बसू द्यायचा नाही. दीड वर्ष हे करतोय म्हणजे त्याचा हात बसलाय, ही मोठी कमाई आहे. डीओपी मात्र उजेड ठरवतो. तो कुठून यायचा, किती, आणि चेहऱ्याचा कुठला भाग अंधारात ठेवायचा. शिवाय दिग्दर्शकाबरोबर पटकथेवर बसायचं, लेन्स ठरवायच्या, शेवटी ग्रेडिंगलाही, म्हणजे चित्रीकरणानंतर रंग-उजेड जुळवतात तेव्हाही, हजर राहायचं.

मालिकेत नेमकं हेच शिकायला मिळत नाही. तिथे बरेचदा दोन-तीन कॅमेरे एकदम चालतात, म्हणून सगळ्या बाजूंनी चालेल असं सपाट लायटिंग करून ठेवलेलं असतं. त्याच दिवाणखान्यात आणखी पाच वर्षं कॅमेरा चालवला तरी प्रकाशाबद्दल निर्णय घेण्याची वेळ त्याच्यावर येणार नाही.

व्ही. के. मूर्ती यांची गोष्ट मी अशा प्रत्येक मुलाला सांगते. 'बाजी'चे (1951) छायालेखक व्ही. रात्रा होते, मूर्ती त्यांच्या हाताखाली. एका गाण्यासाठी मूर्तींनी अवघड शॉट सुचवला आणि रात्रांच्या परवानगीने स्वतः कॅमेरा चालवून तो घेतला. दिग्दर्शक गुरुदत्तांनी ते पाहिलं आणि पुढच्याच 'जाल'चं (1952) छायालेखन मूर्तींकडे सोपवलं. पुढे 'कागज़ के फूल'मध्ये (1959) अंधाऱ्या स्टुडिओत उतरणारा तो प्रसिद्ध झोत त्यांनी बाहेरचं ऊन मोठ्या आरशांवरून आत वळवून मिळवला. 2008 सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला, छायालेखकाला मिळालेला तो पहिलाच. पहिली संधी कॅमेरा चालवताना आली हे खरं. पण उन्हाचा आरसा सुचायला उन्हाकडे बघायची सवय लागते.

ती सवय घरातच लावता येईल. आईला ओट्याजवळ खिडकीच्या बाजूला बसवायचं. सकाळी सात, दुपारी बारा आणि संध्याकाळी सहाला, ॲपर्चर, शटर, आयएसओ यांपैकी कॅमेऱ्याचं कुठलंही सेटिंग न बदलता फोटो काढायचा. मग सावलीकडच्या गालाशी थर्माकोलची पांढरी शीट फुटावर धरायची, नंतर दोन फुटांवर, नंतर तिच्या जागी काळी चादर. तोच गाल, पण बाई प्रत्येक वेळी वेगळी दिसेल: एकदा प्रसन्न, एकदा थकलेली. रात्री एकच बल्ब ठेवायचा आणि त्याच्यापासून दुप्पट अंतरावर जायचं. उजेड चौथा हिस्सा उरतो. प्रत्येक फोटोखाली वेळ आणि अंतर वहीत लिहायचं. खर्च थर्माकोलचा. महिनाभर हे केलं नाही, तर त्याला डीओपीपणाचं फक्त नाव हवंय असं मी समजेन. कठोर वाटेल, पण माझा अनुभव हाच आहे.

सेटवर लंच ब्रेकमध्ये त्याने गॅफर (लाइटमनचा प्रमुख) आणि लाइटमनजवळ बसावं. कुठला कटर (उजेड अडवणारा काळा पडदा) का लावला हे ते सांगतात, विचारणारा हवा. महिन्याकाठी एखादी शॉर्ट फिल्म स्वतः लाइट करून करावी. तीन-चार चांगली दृश्यं हाती आली, की एखाद्या चित्रपटाच्या डीओपीकडे असिस्टंट म्हणून जावं. ऑपरेटरचा पुन्हा असिस्टंट होणं त्याला कमीपणाचं वाटेल, पैसेही कमी होतील. त्या काळात कृपया 'एवढी वर्षं काय केलंस' असं घरात कोणी म्हणू नका. मालिकांमध्ये काम केल्यापासून 90 दिवसांनी पैसे हातात येण्याची पद्धत त्याला ठाऊकच आहे. म्हणून आत्ताच्या कमाईतून सहा महिन्यांचा खर्च बाजूला काढल्याशिवाय त्याने मालिका सोडू नये.

आणि ते दोन विषय. पुण्याची एफटीआयआय ही सरकारी चित्रपट शिक्षणसंस्था 1960 पासून, प्रभात स्टुडिओच्या जागेवर उभी आहे. तिथे सिनेमॅटोग्राफीचा तीन वर्षांचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. कुठल्याही शाखेची पदवी चालते, पण पदवी लागते. कोलकात्याची सत्यजित राय संस्थाही आहे. सेटवर चार वर्षं काढलेला मुलगा तिथे गेला, तर शिक्षकांना काय विचारायचं हे त्याला पहिल्या दिवसापासून माहीत असेल. म्हणून पीएफची चर्चा बाजूला ठेवून त्याला उद्याच कॉलेजात पाठवा आणि एटीकेटीच्या फॉर्मची शेवटची तारीख विचारून यायला सांगा.